लाचेचा आरोप न्यायालयात कसा सिद्ध होतो?

५.० उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर आपणांस पुढील गोष्टी करता येतील :

• लोकसेवकाविरुद्धच्या लाचेच्या खटल्यात सरकार पक्षाला नेमके काय सिद्ध करावे लागते, ते सांगता येईल.
• मागणी, स्वीकार आणि जप्ती या तीन गोष्टींतील भेद स्पष्ट करता येईल.
• सापळा कारवाईचे टप्पे व त्यांतील पंचाची भूमिका विशद करता येईल.
• तक्रारदार फितूर झाल्यास किंवा मरण पावल्यास खटल्याचे काय होते, याचे विवेचन करता येईल.
• तक्रार व पंचनामा यांतील भाषेचे पुराव्याच्या दृष्टीने असलेले महत्त्व ओळखता येईल.

५.१ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, ‘लाचखोर रंगेहाथ पकडला’ अशा आशयाची बातमी आपण वृत्तपत्रात नेहमी वाचतो. काही वर्षांनी त्याच व्यक्तीची निर्दोष सुटका झाल्याची छोटीशी बातमी आतल्या पानावर येते. वाचक चक्रावून जातो. नोटा खिशात सापडल्या होत्या, हातांना पावडर लागली होती, पंचांच्या सह्या होत्या. मग माणूस सुटला कसा? यावर ‘सगळेच मॅनेज झाले असणार’ असे उत्तर आपण चटकन देऊन मोकळे होतो. पुष्कळदा खरे उत्तर वेगळे असते. पैसे सापडणे आणि लाच सिद्ध होणे या कायद्याच्या दृष्टीने दोन भिन्न गोष्टी आहेत. या दोहोंमध्ये जे अंतर आहे, ते पुराव्याने भरून काढावे लागते. हे अंतर कसे भरले जाते आणि कोठे उघडे राहते, हाच या घटकाचा विषय आहे.

या विषयाचा आपल्याशी थेट संबंध आहे. आपल्यापैकी अनेक जण शासकीय, निमशासकीय वा सहकारी संस्थांत नोकरी करत शिक्षण घेत आहेत. महाराष्ट्रात सापळा कारवाईसाठी पंच म्हणून बहुधा शासकीय कर्मचाऱ्यांनाच बोलावले जाते. म्हणजे उद्या आपण तक्रारदार असू, पंच असू, किंवा खोट्या आरोपाला सामोरे जाणारे कर्मचारीही असू. तिन्ही भूमिकांत पुराव्याचे हे ज्ञान उपयोगी पडणारे आहे.

५.२ विषय-विवेचन

५.२.१ कायद्याची चौकट

लाचलुचपतीविरुद्धचा पहिला स्वतंत्र केंद्रीय कायदा १९४७ साली झाला. त्याची जागा भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियम, १९८८ याने घेतली. भारतीय दंड संहितेतील लाचेसंबंधीची कलमेही याच अधिनियमात समाविष्ट करण्यात आली. २०१८ साली या अधिनियमात मोठी दुरुस्ती झाली.

आपल्या विवेचनाच्या केंद्रस्थानी कलम ७ आहे. आपले सार्वजनिक कर्तव्य अनुचित वा अप्रामाणिक रीतीने पार पाडण्याच्या, किंवा ते टाळण्याच्या हेतूने लोकसेवकाने कोणाकडूनही गैरवाजवी लाभ मिळवणे, स्वीकारणे किंवा मिळवण्याचा प्रयत्न करणे हा गुन्हा आहे. त्यासाठी किमान ३ वर्षे व कमाल ७ वर्षे कारावास आणि दंड अशी शिक्षा आहे. येथे दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. एक, ‘मिळवण्याचा प्रयत्न’ हाही गुन्हाच असल्याने पैसे प्रत्यक्ष हातात पडले नाहीत, तरी सिद्ध झालेली मागणी शिक्षेस पात्र ठरू शकते. दोन, काम नियमानुसार होणारेच होते, हा बचाव पुरेसा नाही. होणाऱ्या कामासाठी पैसे घेणे हीही लाचच होय.

हे खटले विशेष न्यायाधीशांपुढे चालतात. न्यायालयाने आरोपीवरील दोषारोपाची दखल घेण्यापूर्वी कलम १९ अन्वये सक्षम प्राधिकाऱ्याची, म्हणजे त्या लोकसेवकास सेवेतून दूर करू शकणाऱ्या प्राधिकाऱ्याची मंजुरी आवश्यक असते. मंजुरी देताना त्या प्राधिकाऱ्याने कागदपत्रे पाहून स्वतः विचार केला आहे, हे अभिलेखावरून दिसले पाहिजे. कलम १७अ मधील पूर्वपरवानगी ही याहून वेगळी गोष्ट आहे. लोकसेवकाने पदाच्या नात्याने केलेल्या शिफारशीची वा घेतलेल्या निर्णयाची चौकशी सुरू करण्यापूर्वी ती घ्यावी लागते. लाच घेताना जागीच अटक करण्याच्या प्रसंगी मात्र ती लागत नाही. म्हणूनच सापळा कारवाई तातडीने करता येते.

५.२.२ सापळा : टप्पे व कार्यपद्धती

महाराष्ट्रात हे काम लाचलुचपत प्रतिबंधक विभाग करतो. १०६४ हा त्याचा निःशुल्क दूरध्वनी क्रमांक आहे. सापळ्याचे टप्पे सामान्यतः पुढीलप्रमाणे असतात.

(१) तक्रार – कोणी, केव्हा, कोठे, कोणत्या कामासाठी, किती रकमेची मागणी केली, हे तक्रारदार लेखी देतो.

(२) पडताळणी – तक्रार खरी आहे काय, हे पाहण्यासाठी तक्रारदारास पंचासह लोकसेवकाकडे पाठवले जाते. संभाषण ध्वनिमुद्रित केले जाते. खटल्याच्या दृष्टीने हा टप्पा फार मोलाचा आहे, कारण मागणीचा स्वतंत्र पुरावा येथे मिळतो.

(३) सापळापूर्व पंचनामा – नोटांचे क्रमांक नोंदवले जातात. नोटांना अँथ्रासीन वा फिनॉल्फथॅलिन पावडर लावली जाते. अँथ्रासीन अतिनील प्रकाशात चमकते. फिनॉल्फथॅलिन लागलेला हात सोडियम कार्बोनेटच्या द्रावणात बुडवल्यास द्रावण गुलाबी होते. याचे प्रात्यक्षिक पंचांना दाखवले जाते. तक्रारदारास सूचना दिली जाते, की मागितल्याशिवाय पैसे देऊ नयेत.

(४) प्रत्यक्ष सापळा – एक पंच तक्रारदाराबरोबर राहतो. संभाषण ऐकणे व व्यवहार पाहणे हे त्याचे काम असते. पैसे स्वीकारले जाताच तक्रारदार ठरलेला इशारा करतो.

(५) सापळ्यानंतरचा पंचनामा – नोटांचे क्रमांक पडताळले जातात, हात व कपडे तपासले जातात, नमुने मोहोरबंद करून रासायनिक विश्लेषणासाठी पाठवले जातात.

आता एक प्रश्न विचारू. पावडर नेमके काय सिद्ध करते? ती फक्त एवढेच सांगते, की या हाताचा त्या नोटांना स्पर्श झाला. नोटा मागून घेतल्या, उसने दिलेले पैसे परत आले, शासकीय शुल्क म्हणून घेतले, की कोणी बळेच खिशात कोंबले, हे पावडर सांगू शकत नाही. ते सांगतात शब्द, आणि ते शब्द ऐकणारी माणसे.

५.२.३ मागणी : आरोपाचा कणा

सर्वोच्च न्यायालयाने अनेक निर्णयांत सांगितले आहे, की केवळ रक्कम जप्त झाल्याने लाचेचा गुन्हा सिद्ध होत नाही. बी. जयराज विरुद्ध आंध्र प्रदेश राज्य (२०१४) या प्रकरणात तक्रारदाराने न्यायालयात मागणीच्या आरोपाला दुजोरा दिला नाही. रक्कम जप्त झाली होती, तरीही मागणीचा पुरावा उरला नाही, म्हणून आरोपी सुटला.

असे का असावे? कल्पना करा, एखाद्या कर्मचाऱ्याने कोणाचे बेकायदेशीर काम नाकारले. दुखावलेल्या माणसाने त्याच्या टेबलाच्या खणात नोटा सरकवल्या व तक्रार केली. नोटा सापडणे हाच निर्णायक पुरावा मानला, तर कोणताही प्रामाणिक कर्मचारी सुरक्षित राहणार नाही. मागणीच्या पुराव्याचा आग्रह हा भ्रष्ट माणसासाठी ठेवलेली पळवाट नाही. निरपराध माणसाभोवती घातलेले ते कुंपण आहे. त्या कुंपणाआडून अपराधीही कधी कधी निसटतो, हे मात्र खरे.

मागणी नसतानाही गुन्हा घडू शकतो. लाच देणाऱ्याने स्वतःहून पैसे देऊ केले आणि लोकसेवकाने ते जाणूनबुजून स्वीकारले, तर तोही गुन्हाच. मात्र तेथे ‘देऊ करणे’ आणि ‘स्वीकारणे’ या दोन्ही गोष्टी तथ्य म्हणून सिद्ध कराव्या लागतात.

५.२.४ गृहीतक आणि बचाव

लोकसेवकाने गैरवाजवी लाभ मागितला वा स्वीकारला, हे मूलभूत तथ्य सिद्ध झाले, की कलम २० लागू होते. मग न्यायालयाला असे गृहीत धरावे लागते, की तो लाभ कर्तव्य अनुचित रीतीने पार पाडण्यासाठीच होता. येथून सिद्धतेचा भार आरोपीकडे सरकतो. तथापि दोन्ही पक्षांच्या भारात फरक आहे. सरकार पक्षाला आपली बाजू वाजवी संशयापलीकडे सिद्ध करावी लागते. आरोपीला आपले स्पष्टीकरण संभवनीय आहे, एवढेच दाखवावे लागते.

हे गृहीतक इमारतीच्या दुसऱ्या मजल्यासारखे आहे. खाली पायाभूत तथ्यांचा पहिला मजला उभा नसेल, तर ते उभे राहू शकत नाही. कित्येक खटले कोसळतात ते याच कारणाने.

५.२.५ तक्रारदार फितूर झाला वा मरण पावला तर?

खटला वर्षानुवर्षे चालतो. अधिनियमानुसार दोन वर्षांत खटला संपवण्याचा प्रयत्न व्हावा, मुदतवाढीसह तो चार वर्षांपलीकडे जाऊ नये, असे अपेक्षित आहे. व्यवहारात विलंब होतो. दरम्यान तक्रारदाराचे काम झालेले असते, राग निवलेला असतो, गावातली माणसे मध्यस्थी करतात, कधी दबाव येतो. साक्षीच्या पिंजऱ्यात उभा राहून तो म्हणतो, ‘मला आठवत नाही.’ अशा साक्षीदाराला फितूर साक्षीदार म्हणतात. कधी तक्रारदार हयातच नसतो.

अशा प्रसंगी काय करावे, याविषयी सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयांत एकवाक्यता दिसत नव्हती. एम. नरसिंगराव (२००१) प्रकरणात साक्षीदार फितूर होऊनही इतर सिद्ध परिस्थितीवरून अनुमान काढून शिक्षा कायम ठेवली गेली. उलट पी. सत्यनारायण मूर्ती (२०१५) प्रकरणात तक्रारदाराचा मृत्यू झाला होता. मागणीचा पुरावा नाही म्हणून आरोपीची सुटका झाली.

हा प्रश्न पाच न्यायाधीशांच्या घटनापीठापुढे गेला. नीरज दत्ता विरुद्ध दिल्ली राज्य या प्रकरणी १५ डिसेंबर २०२२ रोजी घटनापीठाने एकमताने निर्णय दिला. त्याचा आशय असा :

• मागणी व स्वीकार सिद्ध होणे अत्यावश्यक आहे. ही अट शिथिल होत नाही.
• परंतु ती केवळ तक्रारदाराच्याच तोंडून सिद्ध व्हावी, असे नाही. दुसऱ्या साक्षीदाराची साक्ष, कागदपत्रे किंवा परिस्थितिजन्य पुरावा यांवरूनही ती सिद्ध होऊ शकते.
• तक्रारदार मृत वा फितूर झाल्याने खटला आपोआप संपत नाही.

या निर्णयाचा उत्तरार्ध अधिक बोधप्रद आहे. मूळ प्रकरण दिल्लीतील विजेच्या मीटरसंबंधी होते व तक्रारदार साक्ष होण्यापूर्वीच मरण पावला होता. तत्त्व ठरवून झाल्यावर प्रकरण नेहमीच्या पीठाकडे गेले. मार्च २०२३ मध्ये त्या पीठाने हेच तत्त्व लावून पुरावा तपासला. उरलेल्या पुराव्यावरून मागणीचे अनुमान निःशंकपणे काढता येत नाही, असा निष्कर्ष निघाला आणि आरोपीची निर्दोष सुटका झाली. म्हणजे परिस्थितिजन्य पुराव्याचे दार उघडले गेले, तरी त्या दारातून पुरावाच आत यावा लागतो. संशय आत येऊ शकत नाही.

५.२.६ मागणीची भाषा

मराठीच्या विद्यार्थ्याने या विषयाकडे भाषेच्या अंगानेही पाहावे. लाच मागणारा माणूस ‘लाच’ हा शब्द सहसा उच्चारत नाही. ‘चहापाण्याचं बघा’, ‘साहेबांचंही करावं लागतं’, ‘फाईलवर वजन ठेवा’ अशा आडवळणाच्या शब्दप्रयोगांनी तो मागतो. समाजाला त्यांचा अर्थ कळतो. परंतु न्यायालयात संकेतार्थ सिद्ध करण्यासाठी आधार लागतो.

पुढील काल्पनिक उदाहरण पाहा. वडिलांच्या निधनानंतर वारसनोंदीसाठी एक शेतकरी कार्यालयात गेला आहे.

*पहिला संवाद :*
‘भाऊसाहेब, आमच्या नोंदीचं काय झालं?’
‘होईल हो काका. तुम्ही तुमचं बघा, आम्ही आमचं बघतो.’

*दुसरा संवाद :*
‘भाऊसाहेब, आमच्या नोंदीचं काय झालं?’
‘नोंद धरायची तर पाच हजार लागतील. परवाच सांगितलं होतं ना काका? आणलेत का?’

पहिल्या संवादातही ऐकणाऱ्याला वास येतो. पण वास म्हणजे पुरावा नव्हे. दुसऱ्या संवादात तीन गोष्टी स्पष्ट आहेत : कोणते काम, किती रक्कम आणि आधीच्या मागणीचा उल्लेख. पंचाने हा संवाद ऐकला असेल व तो ध्वनिमुद्रित असेल, तर तक्रारदार पुढे फिरला तरी मागणी सिद्ध करण्यास आधार उरतो.

आता पंचनाम्याकडे वळू. पंचनाम्यात पुष्कळदा ‘आरोपीने लाचेची मागणी केली’ असे वाक्य लिहिले जाते. हे वाक्य निष्कर्ष सांगते. घडलेली गोष्ट सांगत नाही. निष्कर्ष काढणे हे न्यायाधीशाचे काम आहे. पंचाने ऐकलेले शब्द, ज्या बोलीत उच्चारले त्याच बोलीत, जसेच्या तसे नोंदवले गेले पाहिजेत. उलटतपासणीत बचावाचे वकील विचारतात, ‘आरोपी नेमके काय म्हणाला?’ तेव्हा पंचाला शब्द आठवले नाहीत, किंवा तक्रार, पंचनामा व ध्वनिमुद्रण यांत तीन वेगवेगळी वाक्ये आढळली, तर साक्षीची विश्वासार्हता ढासळते. हेही ध्यानात ठेवावे, की पंचनामा हा स्वतःच पूर्ण पुरावा नसतो. पंचाने न्यायालयात येऊन शपथेवर तो सांगावा लागतो.

ध्वनिमुद्रणालाही स्वतःचे नियम आहेत. मुद्रणाची प्रत पुरावा म्हणून देताना कायद्याने ठरवलेले प्रमाणपत्र जोडावे लागते. जालना विधानसभा मतदारसंघाच्या निवडणूक वादातून उद्भवलेल्या अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल (२०२०) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ही अट बंधनकारक असल्याचे स्पष्ट केले. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ लागू झाला असून त्याच्या कलम ६३ मध्ये अशा प्रमाणपत्राची तरतूद आहे. आवाज आरोपीचाच आहे, हे आवाजाच्या नमुन्याशी तुलना करून दाखवावे लागते.

५.२.७ लाच देणाऱ्याची स्थिती

२०१८ च्या दुरुस्तीनंतर लाच देणे हाही स्वतंत्र गुन्हा आहे. पण ज्याला लाच देणे भाग पाडले गेले, त्याने ७ दिवसांच्या आत पोलिसांना वा तपास यंत्रणेला कळवल्यास तो गुन्हेगार ठरत नाही. तसेच यंत्रणेला आधी कळवून, तिला साहाय्य करण्यासाठी सापळ्यात पैसे देणाऱ्यासही संरक्षण आहे. ‘तक्रार केली तर मीच अडकेन’ ही भीती म्हणून निराधार आहे. मात्र गप्प बसून राहणे धोक्याचे आहे.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न – १

(अ) एका वाक्यात उत्तरे लिहा.
१. अँथ्रासीन पावडरीने नेमके कोणते तथ्य सिद्ध होते?
२. कलम २० चे गृहीतक केव्हा लागू होते?
३. सापळ्यासाठी कलम १७अ ची पूर्वपरवानगी का लागत नाही?

(आ) चूक की बरोबर ते सांगा.
१. तक्रारदार मरण पावल्यास लाचेचा खटला आपोआप संपतो.
२. नियमानुसार होणाऱ्या कामासाठी पैसे घेणे हीही लाच होय.

५.३ सारांश

लाचेच्या खटल्यात जप्त झालेली रक्कम ही पुराव्याच्या साखळीतील एक कडी असते. ती अख्खी साखळी नव्हे. मागणी आणि स्वीकार (किंवा देऊ करणे आणि स्वीकार) ही मूलभूत तथ्ये वाजवी संशयापलीकडे सिद्ध झाल्यावरच कायद्याचे गृहीतक लागू होते. २०२२ च्या घटनापीठाच्या निर्णयानुसार ही तथ्ये तक्रारदाराव्यतिरिक्त अन्य पुराव्यानेही सिद्ध होऊ शकतात. म्हणून पडताळणी, पंचाची साक्ष, ध्वनिमुद्रण व अचूक नोंद यांचे महत्त्व वाढले आहे. खटला वर्षांनंतर उभा राहतो, तेव्हा माणसांच्या आठवणी पुसट झालेल्या असतात. त्या दिवशी कागदावर उतरलेले शब्द तेवढे जसेच्या तसे उरतात. पंच म्हणून आपण केलेली सही ही औपचारिकता नसते. तक्रारदाराला न्याय आणि आरोपीला न्याय, या दोन्ही गोष्टी तिच्यावर अवलंबून असतात.

५.४ पारिभाषिक शब्द व त्यांचे अर्थ

लोकसेवक – शासनाच्या सेवेत असलेली वा सार्वजनिक कर्तव्य बजावणारी व्यक्ती.
फितूर साक्षीदार – ज्या पक्षाने बोलावले, त्याच्याच बाजूला न्यायालयात दुजोरा न देणारा साक्षीदार.
परिस्थितिजन्य पुरावा – मूळ घटना थेट न दाखवता, तिचे अनुमान करू देणाऱ्या सिद्ध गोष्टी.
गृहीतक – विशिष्ट तथ्ये सिद्ध झाल्यावर, विरुद्ध सिद्ध होईपर्यंत कायद्याने खरी मानायची बाब.
उलटतपासणी – विरुद्ध पक्षाच्या वकिलाने साक्षीदाराला विचारलेले प्रश्न.

५.५ स्वयं-अध्ययन प्रश्नांची उत्तरे

(अ) १. संबंधित नोटांशी हाताचा वा कपड्याचा संपर्क आला, हे तथ्य. २. लोकसेवकाने गैरवाजवी लाभ मागितला वा स्वीकारला, हे मूलभूत तथ्य सिद्ध झाल्यावर. ३. लाच घेताना जागीच अटक करण्याचा प्रसंग त्या कलमातून वगळला आहे म्हणून.
(आ) १. चूक. २. बरोबर.

५.६ सरावासाठी स्वाध्याय

१. ‘पैसे सापडणे म्हणजे लाच सिद्ध होणे नव्हे’ या विधानाची सोदाहरण चर्चा करा.
२. नीरज दत्ता प्रकरणातील २०२२ चा निर्णय व २०२३ मधील निकाल यांतून कोणता बोध होतो, ते स्पष्ट करा.
३. उपक्रम : आपल्या परिसरात लाच मागण्यासाठी वापरले जाणारे पाच आडवळणाचे शब्दप्रयोग नोंदवा. प्रत्येकातून काम, रक्कम व मागणी यांपैकी काय स्पष्ट होते आणि काय संदिग्ध राहते, ते लिहा.
४. उपक्रम : ५.२.६ मधील दुसरा संवाद आपण पंच म्हणून ऐकला आहे, असे समजून त्याची दहा ओळींत नोंद करा. नोंदीत निष्कर्ष येऊ न देता केवळ ऐकलेले व पाहिलेले लिहा.